मेडिकल बिलाची फाईल मध्यस्थाकडे देताय? थांबा

घरातलं माणूस दवाखान्यातून सुटतं, साठवलेले पैसे बिलात गेलेले असतात, आणि नेमक्या त्याच वेळी कुणीतरी कानावर घालतं, "सिव्हिलमध्ये आपली ओळख आहे, दहा टक्के द्या, फाईल मी करून आणतो." सिव्हिल म्हणजे जिल्हा रुग्णालय. महाराष्ट्र शासनाच्या कर्मचाऱ्याला उपचाराचा खर्च सरकारकडून परत मिळतो, त्या वैद्यकीय खर्च प्रतिपूर्तीतली फसवणूक बहुतेक वेळा अशीच सुरू होते.

मध्यस्थ तीन गोष्टी मागतो: मूळ बिलं, डिस्चार्ज कार्ड आणि सही केलेली कोरी प्रपत्रं. वर थोडी आगाऊ रक्कम. मूळ कागद एकदा गेले की कर्मचारी अडकतो. "साहेब रजेवर आहेत", "त्रुटी निघाली, अजून पाच हजार लागतील" असं चालू राहतं. शेवटी फोन लागत नाही.

पण पैसे बुडाले एवढ्यावर निभावलं तर ते नशीब म्हणायचं. खरा घात फाईल 'मंजूर' होते तेव्हा होतो. १९६१ चे वैद्यकीय देखभाल नियम आणि १९ मार्च २००५ चा शासन निर्णय यांनुसार खाजगी रुग्णालयातल्या उपचारांसाठी ठरावीक आकस्मिक आणि गंभीर आजारांची यादी आहे. आजार यादीत बसत नसला की मध्यस्थ डिस्चार्ज कार्डावरचं निदानच बदलतो, बाह्यरुग्ण उपचार भरती झाल्याचे दाखवतो, औषधांची बिलं वाढवतो. सिव्हिलचे प्रमुख असलेल्या जिल्हा शल्य चिकित्सकांचा प्रमाणपत्रावरचा शिक्का आणि सहीसुद्धा बनावट असू शकते.

हे उघडकीला यायला फार खोल जावं लागत नाही. आंतररुग्ण क्रमांक रुग्णालयाच्या नोंदवहीशी जुळत नाही. महिनाभराच्या अंतराची औषध बिलं एकाच दुकानाची आणि ओळीने सलग क्रमांकाची निघतात. प्रमाणपत्रावरचा जावक क्रमांक सिव्हिलच्या रजिस्टरमध्ये भलत्याच पत्राचा असतो. तपासणी बिल निघाल्यावर काही वर्षांनीही होऊ शकते. तेव्हा मध्यस्थाचं नाव कुठल्याच कागदावर नसतं, सही मात्र तुमची असते. वसुली, १९७९ च्या शिस्त व अपील नियमांखाली विभागीय चौकशी, आणि बनावट दस्तऐवज वापरल्याचा फौजदारी गुन्हा, सगळं कर्मचाऱ्याच्या अंगावर येतं. निवृत्ती जवळ असेल तर त्या चौकशीची झळ निवृत्तिवेतनालाही लागते. आजारपणाने आधीच खचलेल्या घरावर हे ओढवतं, याची आम्हाला फार चीड येते.

अर्ज स्वतःच आपल्या आस्थापना शाखेत द्या. सोबत डिस्चार्ज कार्ड, डॉक्टरांची सही-शिक्का असलेली बिलं आणि भरलेली प्रपत्रं लावा. कोऱ्या प्रपत्रावर सही कधीच नको. पती-पत्नी दोघेही सेवेत असतील तर दुसऱ्याने हीच मागणी केली नसल्याचा दाखला हवा, आणि विमा कंपनीकडून काही रक्कम मिळाली असेल तर ती न लपवता लिहा. देण्याआधी प्रत्येक पानाची छायाप्रत काढा, पोच म्हणून आवक क्रमांक आणि तारीख घ्या. फाईल तपासणीसाठी सिव्हिलला गेली की आपल्या कार्यालयाचा जावक क्रमांक विचारून ठेवा. पुढची सगळी चौकशी त्यावरच होते. कुठे शुल्क भरायला सांगितलं तर शासकीय पावतीशिवाय एक रुपया देऊ नका. बिलातली काही रक्कम अपात्र ठरून बहुतेकदा कमीच मंजूर होते, हेही धरून चला. "पूर्ण बिल काढून देतो" म्हणणारा बहुधा तिथेच खोटं बोलत असतो.

फाईल अडली तर माहिती अधिकारात तिची सद्यःस्थिती विचारा, ३० दिवसांत उत्तर देणं बंधनकारक आहे. कुणी लाच मागितली तर लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा १०६४ हा क्रमांक आहे. भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्यातल्या २०१८ च्या दुरुस्तीनंतर लाच देणाराही गुन्हेगार ठरतो. बळजबरीने द्यावी लागली असेल तर ७ दिवसांच्या आत तक्रार करावी लागते.

कागद आधीच मध्यस्थाच्या हाती गेले असतील तर बिल कोषागारात जाण्याची वाट पाहू नका. कार्यालय प्रमुखांना आजच लेखी कळवा: माझ्या नावाने आलेला प्रस्ताव मी स्वतः सादर केलेला नाही, तो थांबवावा. त्या पत्राचीही पोच घ्या, रुग्णालयाकडून बिलांच्या साक्षांकित प्रती मागा, आणि मग पोलिसांकडे जा.