परभाषेतला चित्रपट दाखवायचाय: डबिंग, सबटायटल की निवेदन?

लातूर-बीडकडच्या शाळेत किंवा संभाजीनगरच्या फिल्म क्लबात इराणी, जपानी चित्रपट दाखवायचा असेल, तर खर्चाच्या आधी प्रेक्षक बघा. समोर दुसरी-तिसरीची पोरं आणि लिहिता-वाचता न येणाऱ्या आज्या बसणार असतील, तर सबटायटल बाद. कॉलेजच्या वर्गासाठी मात्र डबिंगच्या फंदात पडू नये. नटाचा मूळ आवाज गेला की अभिनय अर्धाच उरतो.

सबटायटल सर्वांत स्वस्त. एका वेळी दोनच ओळी, पडद्यावर किमान एक सेकंद, जास्तीत जास्त सात. दोन सेकंदांत चार-पाच शब्दांच्या वर नको. फाइल यूटीएफ-८ मध्ये (मराठी अक्षरं संगणकात साठवायची एक पद्धत) सेव्ह करा, नाहीतर अक्षरांऐवजी प्रश्नचिन्हं दिसतात. काही प्लेअरमध्ये जोडाक्षरं फुटतात, म्हणून ओळी चित्रातच पक्क्या बसवलेल्या बऱ्या.

डबिंगचं खरं दुखणं वेगळंच. संवाद वगळून फक्त संगीत आणि इतर आवाज असलेला ट्रॅक निर्मात्याकडून मिळाला नाही, तर संवादासोबत पावलं, दार, पाऊस सगळंच जातं आणि ते नव्यानं तयार करावं लागतं. त्यानंतर ओठ. प, फ, ब, भ, म म्हणताना ओठ मिटतात, आणि क्लोजअपमध्ये ती चूक लगेच डोळ्यांत भरते. समजा, नटी दीड सेकंद बोलते आणि शेवटी तिचे ओठ मिटून उघडतात. ‘मी उद्या सकाळी तुझ्याकडे येणार आहे’ तिथं मावत नाही. ‘उद्या सकाळी येते बरं’ बसतं. बरं, बघ, माय, बाबा असे छोटे शब्द इथं फार कामाला येतात. बोली ठेवायची तर सुरुवातीपासून तीच ठेवा. एकाच पात्राच्या तोंडी बोलीतलं ‘कामून’ आणि प्रमाण भाषेतलं ‘कशासाठी’ दोन्ही आले की पात्र तुटतं.

प्रतही तपासून घ्या. सेकंदाला २४ फ्रेमची (चित्रांची) प्रत २५ च्या वेगानं चालली, तर ९० मिनिटांचा चित्रपट साडेतीन मिनिटं आधीच संपतो. चुकीच्या प्रतीवर ध्वनिमुद्रण केलं, तर आवाज हळूहळू ओठांपासून सरकत जातो.

तिसरा मार्ग निवेदनाचा: मूळ आवाज हलका करून वरून मराठी वाचायचं. पोलंडच्या टीव्हीवर अख्खे चित्रपट एकाच निवेदकाच्या आवाजात दाखवतात. संवाद वगळलेला वेगळा ट्रॅक मिळत नाही आणि प्रेक्षक वाचू शकत नाहीत, तिथं आमची पसंती यालाच. निवेदन मूळ वाक्यानंतर अर्ध्या सेकंदानं सुरू करा आणि निवेदकाला अभिनय करू देऊ नका. विनोदी चित्रपटाला मात्र हे मारक आहे, हशा चुकीच्या जागी पडतो.

तिन्हींसाठी हक्कधारकाची लेखी परवानगी हवीच. त्याच पत्रात तो वेगळा ट्रॅक आणि वेळेच्या नोंदींसह संवादयादी मागून घ्या.