जोहान्सबर्गच्या जुन्या वस्त्यांतून चार तास: एका पायी फेरीचे परीक्षण

मोठी नदी नाही, बंदर नाही, जुना व्यापारी रस्ता नाही, अशा उघड्या माळावर १८८६ साली सोने सापडले आणि दहा वर्षांत तेथे एक लाखाहून अधिक माणसे गोळा झाली. त्यांतील निम्मी गोरी होती, उरलेल्यांत बहुतेक आफ्रिकी आणि काही हजार आशियाई. जोहान्सबर्गच्या जन्माची हकीकत एवढ्यात सांगता येते. मात्र ती माणसे कोण होती, कोणत्या गल्लीत राहत होती आणि एकमेकांशी कशी वागत होती, हे पुस्तकांपेक्षा पायी चालून अधिक कळेल अशा समजुतीने, कामानिमित्त या शहरात काढलेल्या आठ महिन्यांच्या अखेरीस, मी जुन्या वस्त्यांची एक मार्गदर्शित फेरी केली. ती चालवणाऱ्या लहानशा संस्थेचे नाव मुद्दाम देत नाही, कारण पुढे काही तक्रारी आहेत. तेव्हा हे परीक्षण संस्थेपेक्षा त्या मार्गाचे आणि तो सांगण्याच्या पद्धतीचे आहे असे समजावे.

फेरी सकाळी नऊ वाजता गांधी चौकात सुरू होते. वकिलाचा झगा घातलेल्या तरुण गांधींचा पुतळा तेथे आहे. आपल्याला सवयीची असलेली पंचा नेसलेली मूर्ती तेथे शोधू नये. आम्ही अकरा जण होतो आणि आमचे वाटाडे निवृत्त शिक्षक होते, हे त्यांनी सांगण्याआधीच ओळखू आले, कारण त्यांनी पुतळ्याकडे पाठ करून पहिली दहा मिनिटे केवळ दगडाबद्दल सांगितले. मला ही सुरुवात फार आवडली. येथील सोने नदीच्या वाळूत चमकणारे नव्हते. ते खोल जाणाऱ्या खडकाच्या थरात इतके विरळ पसरलेले होते की टनभर दगड फोडून काही ग्रॅमच हाती येत. त्यामुळे घमेले घेऊन नशीब काढायला आलेल्या एकट्यादुकट्या माणसाचे येथे फार दिवस चालले नाही. यंत्रे, रसायने आणि भांडवल असलेल्या कंपन्या आल्या. सोन्याचा भाव जगभर ठरलेला असल्याने नफा वाढवायचा तर खर्च कमी करणे एवढाच मार्ग उरला, आणि त्या खर्चात सर्वांत सहज कापता येण्याजोगी बाब म्हणजे काळ्या मजुरांची मजुरी. पुढच्या चार तासांत जे जे पाहिले, त्याच्या तळाशी हा हिशेब होता.

हा हिशेब डोळ्यांनी पाहता येतो अशी जागा लगेचच येते. १९८६ साली एका बँकेच्या मुख्यालयाचा पाया खणताना जुन्या फेरेरा खाणीची एक बाजू उघडी पडली आणि बँकेने ती तळघरात जपून ठेवली आहे. वर चकचकीत फरशी आणि सुरक्षारक्षक, खाली छिन्नी-टिकावाच्या खुणा असलेला तिरका कातळ. सुमारे पंधरा मिनिटे तेथे मिळतात आणि ती पुरेशी आहेत.

तेथून फेरी कमिशनर स्ट्रीटने फेरेरासडॉर्पकडे वळते. सोन्याच्या बातमीनंतर पहिली तंबूवजा वस्ती येथे पडली आणि पुढे चिनी दुकानदारांची आळीही येथेच वसली. चिन्यांबाबत अनेकांच्या मनात असलेला घोटाळा वाटाड्यांनी चांगला सोडवला. १९०४ ते १९१० या काळात करारावर आणलेले ६३,००० हून अधिक चिनी खाणकामगार वेगळे. ते खाणकंपन्यांच्या आवारांत कोंडले गेले आणि कराराअखेर जवळजवळ सर्व जण परत पाठवले गेले. शहरात दुकाने थाटणारे चिनी व्यापारी वेगळे; ते बहुतांशी कँटन भागातून स्वतःच्या खर्चाने आलेले होते आणि त्यांचेच वंशज येथे राहिले. जुन्या आळीत आता मोजकी दुकाने उरली आहेत आणि चिनी वस्तीचा गजबजाट शहराच्या पूर्वेकडील सिरिलडीनमध्ये गेला आहे. लिथुआनियातून आलेले ज्यू आणि कॉर्नवॉलमधून आलेले खाणकामगार यांच्याविषयी मात्र चालता चालता चार वाक्ये सांगितली जातात. ज्यूंचे डोर्नफोंटेन मार्गात नसल्याने ते क्षम्य मानता येईल. परंतु दगडाची धूळ फुप्फुसात जाऊन चाळिशीच्या आत मरणाऱ्या कॉर्निश ड्रिलवाल्यांना चारपेक्षा अधिक वाक्ये मिळायला हवी होती.

फेरीतील सर्वांत सुंदर कथा जिला दाखवायला जागाच नाही अशी आहे, आणि ती वाटाड्यांनी एका सिग्नलपाशी उभे राहून सांगितली. आरंभीच्या शहरात बायका थोड्या, एकटे पुरुष फार आणि पाण्याची बोंब. मग कपडे धुवायचे कोणी? १८९० च्या दशकात ब्रामफोंटेनच्या ओढ्यावर झुलू पुरुषांनी हा धंदा हाती घेतला. हजाराहून अधिक पुरुष त्यात होते, त्यांचे मुकादम होते, त्यांची श्रेणी-संघासारखी बांधणी होती आणि ते डोक्याला फेटा बांधत. हा फेटा आणि हा व्यवसाय त्यांनी नाताळ वसाहतीतील भारतीय धोब्यांकडे पाहून उचलला होता. आपल्याकडे ज्या कामावर जातीचा शिक्का बसला, तेच काम समुद्रापलीकडे झुलूंना खाणीपासून वाचवणारा, मानाचा धंदा वाटावे, हे ऐकून मी पुढचे दोन चौक काही न बोलता चाललो. नंतर नगरपालिकेने धुण्याची जागा शहराबाहेर लांब नेली, वाफेवर चालणाऱ्या लाँड्र्या निघाल्या आणि धंदा मोडला.

न्यूटाउनला पोहोचल्यावर फेरीचा सूर गंभीर होतो. आज जेथे नाट्यगृहे आणि मोकळे चौक आहेत, तेथे आणि आसपास ‘कुली लोकेशन’ नावाने ओळखली जाणारी वस्ती होती. नाव भारतीयांवरून पडले असले तरी तेथे आफ्रिकी भाडेकरूही मोठ्या संख्येने राहत. १९०४ च्या मार्चमध्ये प्लेग आला, तेव्हा गांधींनी काही सहकाऱ्यांसह एका रिकाम्या गुदामात रुग्णांची शुश्रूषा केली. त्यानंतर नगरपालिकेने लोकांना हलवून सारी वस्ती जाळून टाकली. तेथील रहिवाशांना तेरा मैलांवर क्लिपस्प्रुटला नेण्यात आले, आणि पुढे जी काळ्या लोकांची वस्ती सोवेटो म्हणून जगाला माहीत झाली तिची सुरुवात तेथे झाली. वाटाड्यांचा खरेपणा येथे जाणवला. प्लेगच्या आधीच, १९०४ च्या फेब्रुवारीत, गांधींनी आरोग्य अधिकाऱ्यांना लिहिलेल्या पत्रात भारतीयांच्या वस्तीत आफ्रिकी लोकांना राहू देण्यास आक्षेप घेतला होता, हेही त्यांनी सांगितले, आणि सांगताना आम्हा दोघा भारतीयांकडे पाहणे टाळले नाही. शुश्रूषा आणि पत्र या दोन्ही गोष्टी एकाच माणसाच्या, एकाच वर्षातल्या आहेत. त्यांतली एक झाकून दुसरी दाखवणाऱ्या फेऱ्याही असतील, ही तशी नाही.

पुढे हमीदिया मशीद. १६ ऑगस्ट १९०८ रोजी येथे दोन हजारांवर नोंदणी-दाखले तिपाई कढईत जाळण्यात आले आणि त्या कढईचे स्मारक आज तेथे आहे. वाटाड्यांनी होळीचे वर्णन थोडक्यात आटोपून त्याआधीच्या जानेवारीतील एका पत्राची गोष्ट सांगितली. तुरुंगातून ट्रान्सवाल सरकारातील मंत्री जनरल स्मट्स यांना गेलेल्या त्या तडजोडीच्या पत्रावर तीन सह्या होत्या: काठियावाडी गांधी, मॉरिशसमध्ये जन्मलेले तमिळ थंबी नायडू आणि चिनी समाजाचे पुढारी लियुंग क्विन. सक्तीच्या नोंदणीचा कायदा सर्व आशियाईंना लागू होता, म्हणून त्याविरुद्धच्या लढ्यात चिनीही उतरले होते. आपल्या पाठ्यपुस्तकांत ही तिसरी सही मी कधी वाचल्याचे आठवत नाही.

धोब्यांचा फेटा आणि पत्रावरची तिसरी सही या दोन जागी ही फेरी उत्तम आहे, कारण तेथे एका समाजाचा हात दुसऱ्याला लागलेला दिसतो. माझी मुख्य तक्रार अशी की एरवी ती प्रत्येक समाजाला एकेक थांबा वाटून देते: येथे चिनी, पलीकडे भारतीय. समाज असे स्वतंत्र खणांत बसवणे हे तर पास, परवाने आणि पुढे १९५० चा ग्रुप एरियाज कायदा यांचे काम होते. रस्त्यावरचे आयुष्य तसे नव्हते. फॉक्स स्ट्रीटवरील चान्सलर हाउसचे उदाहरण पुरेसे आहे. मंडेला आणि टांबो यांची वकिलीची कचेरी १९५० च्या दशकात तेथे चालली, ती त्या भागात भारतीय मालकाची इमारत उपलब्ध होती म्हणून. फेरी या इमारतीवरून जाते, मंडेलांचे नाव घेते आणि मालकाचा उल्लेख न करता पुढे सरकते.

दुसरी तक्रार अधिक गंभीर आहे. ज्यांनी सोने प्रत्यक्ष खणले ते या फेरीत जवळजवळ नाहीत. १८९९ च्या बोअर युद्धापूर्वी खाणींत सुमारे एक लाख आफ्रिकी मजूर होते आणि त्यांतील मोठा भाग मोझांबिकमधून आलेला होता. त्यांना शहरात बिऱ्हाड करण्याची मुभा नव्हती. कुटुंब गावी आणि माणूस कंपनीच्या आवारात. त्यामुळे त्यांच्या नावाची आळी, देऊळ, दुकान असे काही उरले नाही, आणि थांब्यांवर बेतलेली फेरी त्यांना कोठे दाखवणार, ही अडचण मी समजू शकतो. तथापि न्यूटाउनमध्येच कामगार संग्रहालय आहे. नगरपालिकेच्या वीज खात्याच्या आफ्रिकी मजुरांचे जुने आवार तेथे जपलेले असून ओळीने मांडलेले सिमेंटचे बिछाने आणि शिक्षेची कोठडी पाहता येते, आणि लागूनच गोऱ्या कारागिरांना कुटुंबासह राहण्यासाठी बांधलेली घरे आहेत. हे आवार खाणीचे नसले तरी रचना त्याच जातीची आहे. आमचा गट तेथून काही मिनिटांच्या अंतरावर होता आणि वेळेअभावी ते वगळण्यात आले; मात्र त्याआधी कॉफीसाठी अर्धा तास मिळाला होता.

तिसरी गोष्ट तक्रार म्हणून नव्हे, मराठी वाचकांसाठी नोंद म्हणून लिहितो. भारतीय म्हटले की या फेरीत गुजराती आणि तमिळ एवढेच येतात. कोकणातून गेलेले मुसलमान या शहरात त्या काळापासून होते आणि त्यांच्यामुळे मराठीचा एक अपूर्व प्रसंग येथे घडला. १९१२ च्या ऑक्टोबरअखेर गोपाळ कृष्ण गोखले जोहान्सबर्गला आले, तेव्हा त्यांना दिलेले मानपत्र रँडच्याच, म्हणजे येथल्या खाणपट्ट्यातल्याच, सोन्याच्या पत्र्यावर कोरलेले होते आणि त्यावर हिंदुस्थान व सिलोन यांचा नकाशा होता. सभेत कोकणी मुसलमान आणि काही महाराष्ट्रीय हिंदू असल्याने गोखल्यांनी मराठीत बोलावे आणि आपण त्याचे हिंदुस्थानीत भाषांतर करू, असे गांधींनी सुचवले. तुम्ही मराठी कधी शिकलात, अशी थट्टा करीत गोखले हसले खरे, पण मराठीत बोलले, आणि त्यानंतर थेट झांजिबारपर्यंत आपल्या लोकांसमोर मराठीतच बोलत राहिले. ही हकीकत गांधींनीच लिहून ठेवली आहे. मी ती वाटाड्यांना सांगितली, तेव्हा त्यांनी खिशातून वही काढून तारीख लिहून घेतली. या एका कृतीमुळे माझ्या बाकीच्या तक्रारींची धार बरीच बोथट झाली, हे कबूल केले पाहिजे.

फेरी फोर्ड्सबर्गला संपते. १९२२ च्या मार्चमध्ये गोऱ्या खाणकामगारांचे बंड येथे तोफा आणि विमाने वापरून मोडण्यात आले. जगातील कामगारांनो एक व्हा अशी हाक देणाऱ्या त्यांच्या फलकावर, गोऱ्या दक्षिण आफ्रिकेसाठी लढा, असेही लिहिलेले होते, आणि यावर वाटाड्यांनी भाष्य केले नाही, जे योग्यच होते. शेजारची ओरिएंटल प्लाझा ही बाजारपेठ पाहताना ती हौसेने उभी राहिलेली नाही हे लक्षात ठेवावे: फिएटास भागातील चौदाव्या रस्त्यावरून हुसकावलेल्या भारतीय दुकानदारांना १९७० च्या दशकात येथे आणून बसवले गेले. कापड, मसाले आणि समोसे उत्तम मिळतात. फेरीच्या शुल्कात मात्र खाणे धरलेले नाही.

व्यवहाराच्या बाबी थोडक्यात. शुल्क दोघांच्या मध्यम जेवणाच्या खर्चाएवढे आहे आणि मिळणाऱ्या माहितीच्या मानाने ते रास्त वाटले. चालणे पाच किलोमीटरच्या आसपास होते; फुटपाथ ठिकठिकाणी उखडलेले असल्याने बंद बूट घालावेत, आणि कॅमेरा गळ्यात अडकवून हिंडू नये. गट दहाच्या वर गेला की रहदारीत मागच्यांना ऐकू येत नाही, म्हणून नोंदणी करताना गटातील माणसे किती ते विचारून घ्यावे. ज्यांना जमेल त्यांनी आदल्या दुपारी स्वतः जाऊन कामगार संग्रहालय पाहावे आणि मग सकाळी गांधी चौकात उभे राहावे. ते सिमेंटचे बिछाने आधी पाहिलेले असले की वाटाड्यांचे दगडाबद्दलचे पहिले दहा मिनिटांचे बोलणे वेगळे ऐकू येईल.