झूम एफ३: एकट्याने माहितीपट करणाऱ्यासाठी रेकॉर्डर

सामाजिक प्रश्नांवर स्वतंत्रपणे माहितीपट करणाऱ्यांकडे साउंड रेकॉर्डिस्ट सहसा नसतोच. कॅमेरा धरणाराच आवाजही सांभाळतो. हलगी कडाडली की आवाज फाटतो; लेव्हल खाली आणून ठेवावी, तर तेवढ्यात एखादी आजी घर कसं पाडलं ते हळू आवाजात सांगू लागते. झूम कंपनीचा एफ३ हा रेकॉर्डर घ्यावा तो यासाठी. त्यात गेनचं, म्हणजे आवाज किती जोरात घ्यायचा ते ठरवणारं, बटणच नाही. प्रत्येक फाइल ३२-बिट फ्लोट, म्हणजे खूप मोठा आणि खूप हळू दोन्ही आवाज सामावणारी, असते, म्हणून घोषणा आणि कुजबुज एकाच टेकमध्ये शाबूत राहतात, लेव्हल नंतर एडिटिंगला बसून लावायची.

मात्र माइकच्या कॅप्सूलमध्येच (आवाज पकडणाऱ्या भागातच) फाटलेला आवाज कुठलाही फ्लोट दुरुस्त करत नाही. वाऱ्याचंही तसंच, समोरचाच आवाज टिपणाऱ्या लांब शॉटगन माइकवर केसाळ कव्हर हवंच. हेडफोन जॅक आणि कॅमेऱ्याकडे आवाज पाठवणारं लाइन-आउट वेगवेगळे आहेत, ही मोठी सोय. कॅमेऱ्यात जाणारा आवाज तिथे फाटू शकतो, पण कार्डावरची मूळ फाइल चांगली असते. सिंकसाठी, म्हणजे चित्र आणि आवाज जुळवायला, सुरुवातीला आणि शेवटी टाळी वाजवा. तासाभराच्या सभेत दोन्ही यंत्रांची घड्याळं थोडी सरकतात.

इनपुट दोनच, दोन्ही एक्सएलआर (व्यावसायिक माइकची तीन पिनांची जोडणी). जलशात किंवा जनसुनावणीत एकावर मंचाच्या मिक्सरचा आवाज घ्या आणि दुसऱ्यावर स्वतःचा माइक ठेवा. नुसत्या मिक्सरवर विसंबलात तर समोरच्या लोकांचा प्रतिसाद आणि माइकपासून लांब बसलेली ढोलकी हरवते. मिक्सरच्या चॅनलला इनपुट ‘लाइन’वर आणि ४८ व्होल्ट फँटम (केबलमधून माइकला दिली जाणारी वीज) बंद, हे दोनदा तपासा. वायरलेस लॅपलचा (कपड्याला लावायच्या छोट्या माइकचा) रिसीव्हर जोडतानाही फँटम बंदच, नाहीतर रिसीव्हर बिघडू शकतो. मंडपातल्या विजेवर चालवलं तर गुणगुण शिरते; दोन एए सेल किंवा यूएसबी-सीवर पॉवर बँक बरी. फँटम चालू असलं की सेल भराभर उतरतात, जादा जोड्या खिशात असू द्या.

खटकणारी गोष्ट एकच, पण गंभीर: मायक्रोएसडी कार्डाची खाच एकच आहे, त्यामुळे जागेवर दुसरी प्रत होत नाही. ४८ किलोहर्ट्झवर दोन चॅनलना तासाला सुमारे १.४ जीबी लागतात, म्हणजे ६४ जीबीचं कार्ड ४० तासांहून जास्त पुरतं. तरीही एकाच कार्डावर आठवडाभर काम साठवू नका. आनंद पटवर्धन यांच्या ‘जय भीम कॉम्रेड’ या माहितीपटाचं काम १४ वर्षं चाललं, इतक्या लांबच्या कामात पहिल्या वर्षीची शाहिरी किंवा साक्ष पुन्हा मिळत नाही. त्याच रात्री दोन हार्ड डिस्कवर प्रती करा, आणि त्यातली एक दुसऱ्या घरी ठेवा.

तीन-चार जणांना स्वतंत्र माइक लावायचे असतील, तर हे यंत्र अपुरं पडेल.