गृह आधार योजना : उद्देश महागाईचा, रक्कम २०१६ सालची

गोव्याच्या महिला व बालविकास खात्यामार्फत २०१२ पासून चालणाऱ्या गृह आधार योजनेचा उद्देश सरकारनेच स्पष्ट केलेला आहे : वाढत्या महागाईत गृहिणीला घर नीट चालवता यावे. योजनेची मांडणीही चांगली आहे. पैसे दरमहा थेट गृहिणीच्या खात्यात जमा होतात आणि ते कशावर खर्च केले याचा हिशेब तिला कोणाकडे द्यावा लागत नाही. डिचोलीत राहणाऱ्या माझ्या काकीच्या नावावर दुसरी कोणतीही मिळकत नाही, त्यामुळे या पैशांचे मोल मी जवळून पाहिले आहे. योजना हवीच, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. तक्रार एकच आहे, पण ती गंभीर आहे.

काकीच्या पासबुकाची पाने कितीही मागे चाळली तरी नोंद दीड हजाराचीच दिसते. सुरुवातीचे १,००० रुपये टप्प्याटप्प्याने वाढून २०१६ साली १,५०० झाले आणि तिथेच थांबले. उकडे तांदूळ, नारळ, बांगडे, गॅस यांचे भाव मात्र थांबले नाहीत.

याच राज्याच्या तिजोरीतून सरकारी कर्मचाऱ्यांना महागाई भत्ता मिळतो आणि तो केंद्राच्या दरांप्रमाणे ठरतो. सिमल्याचे श्रम कार्यालय औद्योगिक कामगारांचा ग्राहक किंमत निर्देशांक, म्हणजे रोजच्या वस्तूंचे भाव किती वाढले हे दाखवणारा आकडा, दरमहा काढते आणि त्याच्या बारा महिन्यांच्या सरासरीवरून जानेवारी व जुलैमध्ये भत्त्याचा दर बदलतो. सातव्या वेतन आयोगानुसार ही मोजणी जानेवारी २०१६ मध्ये शून्यापासून सुरू झाली आणि जुलै २०२५ साठी केंद्राचा दर ५८ टक्क्यांवर पोहोचला. हेच सूत्र दीड हजारांना लावले असते, तर काकीच्या खात्यात तेव्हापासून २,३७० रुपये जमा झाले असते. भत्ता हा वेतनाचा भाग आहे आणि गृह आधार ही मदत आहे, त्यामुळे ही तुलना योग्य नाही, असे कोणी म्हणेल. परंतु जी मदत महागाईच्या नावानेच दिली जाते, तिला महागाईचे मोजमाप लावू नये हे मला पटत नाही.

आपोआप वाढ दिली तर अंदाजपत्रक कोलमडेल, ही भीती मी समजू शकतो, कारण एकदा बांधून घेतलेला खर्च मंदीच्या वर्षीही टाळता येत नाही. तरीही दरवर्षीची थोडी वाढ वित्त खात्याला आधीच धरता येते. निवडणुकीच्या तोंडावर एकदम जाहीर होणारी मोठी वाढ धरता येत नाही. अमेरिकेने १९७२ साली कायदा करून सामाजिक सुरक्षा निवृत्तिवेतन निर्देशांकाला जोडले आणि १९७५ पासून ही वाढ आपोआप मिळू लागली. आपल्याकडे राजस्थानने २०२३ च्या कायद्यात सामाजिक निवृत्तिवेतनासाठी वर्षाला १५ टक्के वाढ लिहून ठेवली. ती निर्देशांकाशी जोडलेली नाही, म्हणून गोव्याने तिची नक्कल करावी असे मी म्हणणार नाही. पण वाढ मागावी लागू नये, हे तत्त्व तिथे मान्य झाले आहे.

रकमेइतकाच महत्त्वाचा, पण फारसा चर्चेत न येणारा मुद्दा उत्पन्नमर्यादेचा आहे. पती-पत्नीचे मिळून वार्षिक उत्पन्न तीन लाखांपेक्षा जास्त नसावे, अशी अट आहे. महागाईबरोबर पगाराचा आकडा वाढतो, खरी क्रयशक्ती तेवढीच राहते, आणि तरीही ते कुटुंब मर्यादेबाहेर जाते. त्यामुळे केवळ रक्कम वाढवून भागणार नाही. मर्यादाही त्याच निर्देशांकाने, त्याच महिन्यात वर सरकली पाहिजे.

भत्त्याच्या सूत्रालाही शेवटी मंत्रिमंडळाची मंजुरी लागते, आणि कोविडच्या काळात केंद्राने जानेवारी २०२० पासूनचे तीन हप्ते गोठवले होते. म्हणून गृह आधारच्या नियमांत वाढीचे सूत्र घालताना, ती रोखायची असल्यास सरकारने विधानसभेत कारणे मांडून ठराव करावा, ही अटही सोबत लिहिली जावी.