ओल्फाचा १८ मिमीचा कटर : धारेआधी लॉक बघा

कटर घेताना सगळे धार बघतात, माझं म्हणणं आहे आधी लॉक बघा. नवीन ब्लेडला धार काय, सगळ्यांच्याच असते, पण जाड पुठ्ठ्यात जोर लावला आणि ब्लेड मागे सरकलं की हात पुढे जातो आणि मग बोट सापडतं. आमच्याकडे फोंड्याच्या बाजारातले स्वस्तातले प्लास्टिकचे कटर ढिगाने होते, मखराचं सगळं काम त्यांच्यावरच चालायचं आणि ऐन चवथीच्या धांदलीत एकाचं तरी लॉक ढिलं पडायचंच. म्हणून यंदा ओल्फा ह्या जपानी कंपनीचा घेतला, १८ मिमी रुंद ब्लेडचा, चाकी फिरवून लॉक करायचा. साध्या कटरपेक्षा कितीतरी महाग आहे, पण पैसे वसूल.

ब्लेड हवं तेवढंच बाहेर काढायचं, अंगठ्याने चाकी आवळायची, बस्स, जागचं हलत नाही. फ्रिजचं खोकं, मखराचा जाड पुठ्ठा, पावसाळ्यात बाल्कनीला बांधतो ती ताडपत्री, सगळं ह्यानेच कापलं. ह्यात ऑटो लॉकवाला पण मिळतो, सरकवला की आपोआप अडकतो, पटापट कामाला तो बरा, पण जोराच्या कामाला मला चाकीचाच भरवसा वाटतो. आणि नुसतं कागदाचं नाजूक काम असेल, कंदिलाची नक्षी वगैरे, तर ९ मिमीवाला घ्या, १८ चा त्याला जड पडतो.

ब्लेडवर तिरक्या रेघा असतात, टोक बोथट झालं की रेघेवर तेवढा तुकडा मोडून नवी धार काढायची, ही आयडिया मुळात ह्याच कंपनीची. १९५६ मध्ये जपानात ओसाकाच्या योशिओ ओकादांनी काढली, चॉकलेटच्या वड्या मोडतात तसं ब्लेड मोडलं तर, असा विचार करून. तरी आपल्याकडे किती जण ते तुकडे मोडतात? बोथट झालं तरी तेच रेटत बसतात, मग दुप्पट जोर लावतात, आणि सटकतं ते तेव्हाच. कापताना कागद फाटल्यासारखा व्हायला लागला, कडेला तुसं निघायला लागली, की समजा टोक गेलं.

मोडायचं मात्र नीट. एकच तुकडा बाहेर काढून लॉक करा, तिरक्या रेघेची बाजू वर ठेवा, पक्कडीत तो तुकडा धरा आणि तोंडापासून लांब खाली वाकवा, टक्कन तुटतो. डोळ्यांवर चष्मा हवाच, कारण तुकडा उडतो. बोटांनी मोडणारे मी बघितलेत, कृपा करून करू नका.

आता आपल्या गोव्याचं खास दुखणं म्हणजे गंज. ही ब्लेडं कार्बन स्टीलची असतात, धार मस्त पण दमट खाऱ्या हवेत डाग धरतातच. काम झालं की चिकटपट्टीचा डिंक खोबरेल तेलाच्या फडक्याने पुसते, फडकं ब्लेडच्या पाठीकडून धरायचं, धारेवरून बोट फिरवायचं नाही, मग कोरडं करून शिलाई मशीनच्या तेलाचा एक थेंब. स्पेअर ब्लेडं त्यांच्या डबीतच ठेवायची, खणात सुटी टाकायची नाहीत.

तुटलेले तुकडे सुक्या कचऱ्याच्या पिशवीत टाकू नका हो. पंचायतीची माणसं येऊन तो कचरा हाताने वेगळा करतात, त्यांच्या हातात जाड ग्लोव्हज असले तरी ब्लेड आरपार जाऊ शकतं. मी बिस्किटांच्या जुन्या पत्र्याच्या डब्याच्या झाकणाला चीर पाडून घेतलीय, तुकडे त्यातून आत जातात. भरला की झाकण टेपने गच्च बंद करायचं, वर मार्करने मोठ्ठं ‘ब्लेड’ लिहायचं आणि कचरा न्यायला येतात त्यांना वेगळा सांगून द्यायचा.

दिवाळीला नरकासुराचा पुतळा करताना वाड्यावरची पोरं रात्र रात्र जागून बांबू, पुठ्ठा कापत बसतात, त्यांच्याकडे हमखास तेच ढिल्या लॉकचे कटर असतात आणि दुसरा हात नेमका ब्लेडच्या वाटेत. भाच्याला मी हाच कटर दिलाय, सोबत स्टीलची पट्टी पण, कारण प्लास्टिकच्या पट्टीवर ब्लेड चढतं. ब्लेड एक-दोन तुकड्यांपेक्षा जास्त बाहेर नको, हेही बजावलंय. घेणार असाल तर ब्लेडांचं १० चं पाकीट त्याच वेळी घ्या, नाहीतर जुनंच रेटलं जातं.