टाय विकणारी मो आणि हट्टी डिस्क

भाच्यानं न्यू जर्सीहून येताना ‘पिकअप ऑन साउथ स्ट्रीट’ची ब्लू-रे आणली. घरच्या प्लेअरमध्ये सरकवली, तर तो ढिम्म हलेना. ब्लू-रेसाठी जगाचे विभाग, म्हणजे रीजन, पाडलेले आहेत आणि एका रीजनची डिस्क दुसऱ्या रीजनच्या प्लेअरवर चालेलच असं नाही. अमेरिकेतली डिस्क रीजन ए, आपल्याकडचे प्लेअर रीजन सी. खोक्यामागे बारीक अक्षरात ते छापलेलंही होतं, पण चष्मा लावून वाचतो कोण! शेवटी वरच्या मजल्यावरच्या शेजाऱ्याकडे सगळे रीजन चालवणारा प्लेअर निघाला, तिथे बैठक जमली. मागवणाऱ्यांनी हे आधी बघून घ्यावं.

चित्रपट १९५३चा, सॅम्युअल फुलरचा, कृष्णधवल, जेमतेम ८० मिनिटांचा. प्रिंट लखलखीत आहे. चित्र चौकोनी असल्यामुळे टीव्हीच्या दोन्ही बाजूंना काळे पट्टे येतात. शेजारी रिमोट घेऊन ते ताणायला निघाले होते, त्यांना आवरलं. इंग्रजी सबटायटल्स आहेत, आणि ती लागतातच, कारण न्यूयॉर्कच्या गल्लीतली बोली कानाला सहज कळत नाही.

गोष्ट एका पाकीटमाराची. पण मी डिस्क मागवली ती थेल्मा रिटर या अभिनेत्रीसाठी. ती यात मो झाली आहे. वरवर टाय विकायचे, आतून पोलिसांना खबरी विकायच्या. मी लक्ष्मी रोडवर एकतीस वर्षं साड्यांच्या काउंटरला होतो, त्यामुळे माझं लक्ष तिच्या धंद्यावर. पोलीस ठाण्यात बसून ती खबरीचा भाव करते. महागाई वाढली की माझाही दर वाढणार, हे ती असं सांगते की समोरच्याला त्यात वावगं काही वाटूच नये. गिऱ्हाईक गरजू आहे हे कळलं तरी चेहऱ्यावर दाखवायचं नाही, ही आमच्या धंद्यातली पहिली शिकवण. बाईंना ती कोणी दिली कोण जाणे! आणि हा सगळा पैसा कशासाठी? तर मेल्यावर बेवारशांच्या दफनभूमीत जायला लागू नये, स्वतःची जागा, स्वतःचा दगड असावा म्हणून.

रात्री ती खोलीवर परतते तो प्रसंग मी तीनदा लावला. ग्रामोफोनवर तबकडी फिरतेय, बाई पलंगावर टेकलेली, समोर नको तो माणूस. आवाज चढत नाही, डोळ्यांत टिपूस नाही, नुसता थकवा. दिवाळीच्या गर्दीनंतर दुकानाचं शटर ओढताना आमच्या पायांत असायचा तसला. पुढचं सांगत नाही.

थेल्माबाई मूळच्या न्यूयॉर्कमधल्या ब्रुकलिनच्या, जन्म १९०२चा. तरुणपणी नाटकं, मग संसार, मग रेडिओ, आणि सिनेमात आल्या त्या पंचेचाळिशीत. १९४७च्या ‘मिरॅकल ऑन थर्टी-फोर्थ स्ट्रीट’मध्ये त्या मुलाचं खेळणं शोधून दमलेली आई होत्या. मेसीज या मोठ्या दुकानातला सांताक्लॉज तिला सरळ दुसऱ्या दुकानात पाठवतो, आणि ती खूश होऊन मेसीजचीच कायमची गिऱ्हाईक होते. श्रेयनामावलीत नावसुद्धा नव्हतं. (मीही एकदा एका बाईंना हवी ती इरकल समोरच्या दुकानात मिळेल म्हणून सांगितलं होतं. शेठनी आठवडाभर तोंड पाहिलं नाही. त्या बाई मात्र पुढे मुलीच्या लग्नाचा बस्ता आमच्याकडेच बांधायला आल्या.)

पुढे ऑस्करची सहा नामांकनं, त्यातली चार लागोपाठच्या चार वर्षांची. मो हे चौथं. बाहुली एकदाही नाही. त्या वर्षीची डोना रीडला गेली. मला विचाराल तर तो माप चोरण्याचाच प्रकार होता.

सोबतच्या मुलाखती ठीक आहेत, फुलर स्वतः झकास बोलतो. पण त्यात मोवर आणखी थोडं हवं होतं.

पुढच्या खेपेला भाच्याला ‘रिअर विंडो’ आणायला सांगितलंय, त्यात बाई नर्स आहेत. रीजन वाचून घे, हेही बजावलंय.