झुडपी गुलाब लावू की वेली गुलाब?

गुलाब आपण फूल पाहून निवडतो, पण इथे आधी जागा बघावी. जमीन ऐसपैस असेल तर झुडपी. जमीन हातभरच, पण भिंत, कमान किंवा कुंपण मोकळं असेल तर वेली.

झुडपी गुलाब आधाराशिवाय उभा राहतो. बहुतेक जाती एक ते दोन मीटर उंच होतात आणि पसरतातही जवळपास तेवढ्याच. म्हणून रोपं लहान असतानाही दाटीने लावू नयेत. हवा खेळली नाही की भुरी (पांढरी बुरशी) येते, पानांवर काळे ठिपके पडतात. छाटणीला फार डोकं लागत नाही. वाळलेल्या आणि एकमेकींवर घासणाऱ्या फांद्या काढायच्या, उरलेल्या साधारण एक तृतीयांश आखूड करायच्या. 2000 साली बाजारात आलेला ‘नॉक आउट’ हा झुडपी गुलाब तर सुकलेली फुलं खुडली नाहीत तरी फुलत राहतो.

वेली गुलाबाला मात्र ना तणावे असतात, ना भिंत धरणारी मुळं. त्याला चढवायचं काम आपलं, आणि तेही दरवर्षी, काटे सोसून. तीन-चार मीटर लांब फांद्या सुतळीने सैलसर बांधाव्या लागतात. कशा बांधता यावर सगळा बहर अवलंबून. फांदी सरळ वर गेली की वाढीचा जोर शेंड्याकडे राहतो आणि फुलं फक्त टोकाला, आपल्या डोक्यावर कुठेतरी, येतात. तीच फांदी आडवी वळवली की तिच्या डोळ्याडोळ्यातून आखूड फुटवे निघतात आणि प्रत्येकावर फूल धरतं. वळवायची ती कोवळी असताना. जून फांदी मोडते. रोप भिंतीला खेटून लावू नये, हातभर अंतर ठेवावं, कारण भिंतीच्या पायथ्याची माती कोरडी राहते. पहिली दोन वर्षं फुलं बेताचीच येतात.

बांधणीचा कंटाळा असेल तर झुडपीच घ्या, असं मी सरळ सांगेन. पण कमान आधीच उभी असेल, तर तिच्यावर वेली गुलाबाला तोड नाही.

घेताना नाव नीट वाचा. ‘आइसबर्ग’ आणि ‘क्लाइंबिंग आइसबर्ग’ यांचं फूल सारखंच, झाडं मात्र वेगळी: पहिलं झुडूप, दुसरी त्यातूनच निघालेली वेली जात. अशा झुडपापासून निघालेल्या वेली जातींची सुरुवातीलाच कडक छाटणी केली, तर त्या चढणं सोडून पुन्हा झुडूप होऊ शकतात.